ठसका

१

अमेरिकेतल्या श्रूजबरी गावाचं पाणी पाइपांतून जिथवर जायचं, त्याच्या पुढं टेकडीकडे वळणाऱ्या रस्त्यावर उत्तरा आणि श्रीरंगनं घर घेतलं, तेव्हा रुपाली तीन वर्षांची होती. साल चौऱ्याऐंशी. घर जुनं, कुणा शेतकऱ्याचं, पांढऱ्या लाकडी फळ्यांचं. श्रीरंग एका कॉम्प्युटर कंपनीत इंजिनियर होता आणि उत्तरा वूस्टरच्या हॉस्पिटलात, लॅबमध्ये जंतूंच्या तपासण्या करायची. अपार्टमेंटमध्ये दिवस काढून दोघंही कंटाळले होते. मागं मेपलची झाडं आणि पुढं अंगण बघून त्यांनी फार चिकित्सा केली नाही.

विहीर घरातच होती, तळघरात. हिवाळ्यात बर्फ तुडवत पाणी आणायला नको म्हणून आधीच्या कुणीतरी विहिरीच्या डोक्यावरच घर बांधलं होतं. दगडांनी बांधून काढलेली अरुंद विहीर, तिच्यावर काँक्रीटचं झाकण, झाकणात कडी असलेलं छोटं लाकडी दार. शेजारी पंप आणि पाण्याची निळी टाकी. तळघराचा जिना थेट स्वयंपाकघरात निघायचा. जेवायचं टेबल त्या दाराला लागूनच होतं.

"घराच्या पोटात विहीर? मला तर बाई झोप लागायची नाही," कांचन पहिल्यांदा आली तेव्हा म्हणाली. कांचन आणि तिचा नवरा चारुदत्त श्रूजबरी गावात राहायचे. उत्तराची लॅब उजाडायच्या आत सुरू व्हायची, म्हणून सकाळी रुपालीला दूध-सीरियल देऊन कांचनकडे सोडायचं काम श्रीरंगचं होतं.

पाणी गार, गोड. फ्रिजमध्ये ठेवायचीसुद्धा गरज पडायची नाही. फक्त एक गंमत होती. नळ बंद केला की पाइपातून एक आवाज यायचा. घोट गिळल्यासारखा. एकच, सावकाश, समाधानाचा.

"आपण प्यायलो की घरही पितं," श्रीरंग म्हणायचा. आल्यागेल्याला तो मुद्दाम नळ सोडून दाखवायचा. लोक हसायचे. पाइपात हवा अडकते, हे सगळ्यांना ठाऊक होतं. वर्षभरात तो आवाज कुणाच्या कानांवर येईनासा झाला, घड्याळाची टिकटिक येत नाही तसा.

२

पुढच्या सप्टेंबरात रुपालीचं पोट बिघडलं. दोन दिवस बरी, पुन्हा तेच. पोरीच्या डोळ्यांखाली खड्डे पडले. डॉक्टरांनी सगळं विचारून शेवटी विचारलं, "पाणी कुठलं पिता?"

उत्तराला मेल्याहून मेल्यासारखं झालं. रोज लोकांच्या लघवीतले, घशातले जंतू शोधणारी ती, आणि घरच्या विहिरीचं पाणी वर्षभरात एकदाही तपासून घेतलं नव्हतं. गावच्या पाण्याची काळजी गाव घेतं. विहिरीची ज्यानं त्यानं घ्यायची असते, हे तिला कळत का नव्हतं?

तिनं नळाचं तोंड लायटरनं तापवलं, पाणी थोडा वेळ वाहू दिलं, निर्जंतुक बाटलीत नमुना घेतला आणि पाण्याच्या तपासण्या करणाऱ्या लॅबकडे पाठवला. उत्तर आलं ते अपेक्षित होतं. कोलिफॉर्म, मैलापाण्यातले जंतू. विहिरीत घाण झिरपत होती.

विहिरींची कामं करणारा वॉल्टर नावाचा माणूस येऊन बघून गेला. लाल तोंडाचा, घाईत असणारा. त्यानं लाकडी दार उघडून टॉर्च मारला, नाक पुसलं आणि सांगितलं की ब्लीच ओता, घरातला एकेक नळ वास येईपर्यंत सोडा, मग सगळं बंद करून एक दिवस तसंच राहू द्या. नंतर बागेच्या पाइपानं वास जाईपर्यंत पाणी बाहेर काढा. मी करू, की तुम्ही करता?

"मी करतो," श्रीरंग म्हणाला.

शनिवारी सकाळी तो ब्लीचचे डबे घेऊन खाली गेला. उत्तरा वर एकेक नळ उघडत फिरली. आधी सिंकचा, मग बाथरूमचा, मग वरच्या मजल्यावरचा.

"आला का वास?" खालून श्रीरंगनं विचारलं.

"आला."

"सगळीकडे?"

"सगळीकडे. तू ये आता वर."

तो लगेच आला नाही. पाच-दहा मिनिटांनी आला तेव्हा डोळे लाल झाले होते. ब्लीचच्या वाफेनं होणारच. रविवारपर्यंत नळ सोडायचा नव्हता म्हणून ते रात्रीपुरते कांचनकडे गेले. तिथंही श्रीरंगनं हात दोनदा धुतले, तिसऱ्यांदा धुतले. चारुदत्त म्हणाला, "अरे यार, साबण संपव आता सगळा." श्रीरंग हसला नाही.

३

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बागेच्या पाइपानं पाणी काढलं. जिथं ते सांडलं तिथलं गवत पांढरं पडलं. मग उत्तरानं स्वयंपाकघराचा नळ सोडला. वास नव्हता. तिनं ग्लासभर पाणी उजेडात धरून पाहिलं, ओतून दिलं आणि नळ बंद केला.

घोट आला. पाठोपाठ ठसका.

पाणी चुकीच्या नळीत गेलं की माणसाला लागतो तसा. कोरडा, खोल. दोनदा लागला, तिसऱ्यांदा लागता लागता कुणीतरी दाबून धरल्यासारखा थांबला.

उत्तरा नळावर हात ठेवून उभी राहिली. श्रीरंग टेबलाशी रविवारचा पेपर वाचत होता.

"श्री—"

"हवा आहे पाइपमध्ये," तो म्हणाला. "एवढं फ्लश केल्यावर येणारच."

त्यानं मान वर केली नाही. तिला खरं म्हणजे हायसं वाटलं. कसला आवाज हे आपण अजून सांगितलंच नव्हतं, हे तिच्या ध्यानात संध्याकाळी आलं, कुकरच्या शिट्ट्या मोजताना. आणि तेव्हा ते विचारण्यासारखं राहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशीही ठसका होताच. पुढच्या आठवड्यातही. प्रत्येक वेळी नाही. त्यामुळे तर कान जास्त लागून राहायचे. भांडं विसळून नळ बंद करायचा आणि थांबायचं. कधी नुसता घोट. कधी घोटच नाही, नुसता ठसका, जणू कुणी पाणी तोंडाला लावून बघतंय आणि ते उतरत नाहीये.

वॉल्टरला पुन्हा बोलावलं. पंपाच्या नळीच्या तळाशी एक झडप असते, ती गळत असेल तर असले आवाज येतात, असं तो म्हणाला. नवी झडप बसवली. त्याच्यासमोर नळ सोडला, बंद केला. काही नाही. "ऑल सेट," म्हणून तो गेला. त्याची गाडी वळणावर दिसेनाशी झाली आणि सिंकखालच्या पाइपात कुणीतरी लांब श्वास घेऊन खोकलं.

पाण्याची दुसरी तपासणी स्वच्छ आली. एकही जंतू नाही. उत्तराला आनंद व्हायला हवा होता.

श्रीरंगनं स्वयंपाकघरात एक रेडिओ आणून ठेवला. सकाळच्या बातम्या ऐकायला म्हणे. ती दुपारी घरी येई तेव्हाही तो चालूच असायचा, मोठ्या आवाजात, रिकाम्या घरात.

एकदा जेवताना रुपालीला दुधाचा ठसका लागला. उत्तरानं आपसूक तिच्या डोक्यावर थोपटलं. "वर बघ, वर बघ बाळा." रुपालीनं छताकडे बघितलं, ठसका थांबला. श्रीरंगचा चेहरा मात्र पांढराफटक पडला होता.

"अरे, दुधाचा ठसका तो," उत्तरा म्हणाली.

"हो," तो म्हणाला. "कळलं मला."

४

दुपारचे दोन-अडीच तास ती घरी एकटीच असायची. रुपाली कांचनकडे झोपलेली असे, श्रीरंग संध्याकाळी तिला घेऊन येई. हे तास उत्तराला पूर्वी फार आवडायचे. आता ती आल्या आल्या रेडिओ बंद करायची आणि ऐकत बसायची.

ती स्वतःला समजावून सांगायची, तिला सवयच होती तशी. हवा. झडप. जुने पाइप गरम-गार होताना कुरकुरतात. ब्लीचनं गंज सुटला असेल, त्याचे कण अडकत असतील. हे सगळं खरं असू शकत होतं. पण लॅबमध्ये ती दिवसातून कितीतरी वेळा ब्लीचच्या फडक्यानं ओटा पुसायची, त्यावर काय काय मरत असेल याचा विचार तिनं आजवर केला नव्हता. आता फडकं हातात घेतलं की तिला तळघर आठवायचं. आपण ओतलं. डबेच्या डबे ओतले. तिथं कोण आहे का, असं कुणी आधी विचारलं होतं?

असला विचार मनात आला याचीच तिला लाज वाटली. आणि लाज वाटली तरी एका मंगळवारी ती टॉर्च घेऊन खाली उतरली.

तळघरात थंडगार होतं. पंप गप्प होता. तिनं कडी ओढून लाकडी दार उघडलं. ब्लीचचा वास केव्हाच गेला होता; ओल्या दगडांचा वास आला. टॉर्चच्या उजेडात खाली काळं पाणी दिसलं. स्थिर. ती बराच वेळ बघत बसली आणि मनातल्या मनात हसली. मग दार लावणार, एवढ्यात खाली, उजेडाच्या जरा बाहेर, कुणीतरी हळूच घसा साफ केला.

पाहुणा आलेला बघून माणूस करतो तसा.

ती पळाली नाही याचं तिला पुढं नेहमी आश्चर्य वाटलं. घाबरण्याच्या आधी तिला वाईट वाटलं, एवढंच ती सांगू शकत होती. घसा सोलून निघालेल्या पेशंटचा आवाज ती ओळखायची.

तपासणी स्वच्छ आली तरी पिण्याचं पाणी ते अजून कांचनकडूनच प्लॅस्टिकच्या कॅनमधून आणत होते. तिनं एक कॅन खाली आणला. सासूबाईंनी दिलेला स्टीलचा तांब्या भरला, कपडे वाळत घालायची दोरी त्याच्या गळ्याला बांधली आणि तो सावकाश खाली सोडला. पाण्याला टेकायच्या आत तांब्या थांबला. दोरी सैल पडली, जणू तांब्याखाली कुणी हात धरला होता. मग ओढ लागली. हळुवार, सवयीच्या माणसाची. उत्तरानं दोरी सोडली नाही.

वर आला तेव्हा तांब्या रिकामा होता.

त्या दिवशी संध्याकाळी नळाला ठसका लागला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी ती पुन्हा खाली गेली. मग ते रोजचंच झालं.

५

ऑक्टोबर संपता संपता रुपालीचं पोट पुन्हा बिघडलं. नळाचं पाणी प्यायचं नाही असं तिला सांगितलं होतं, पण चार वर्षांच्या पोरीनं अंघोळीच्या वेळी तोंड लावलं नसेल असं कोण सांगणार? यावेळी ताप चढला. एक रात्र हॉस्पिटलात काढावी लागली, सलाईन लावावं लागलं. पाण्याचा नमुना पुन्हा दिला. पुन्हा कोलिफॉर्म.

रुपालीला घरी आणलं त्या दुपारी श्रीरंग पंप बघायला खाली गेला आणि हातात ओली दोरी घेऊन वर आला. दोरीच्या टोकाला तांब्या होता.

"हे काय आहे?"

उत्तरानं खोटं बोलायचा प्रयत्न केला नाही. "घसा जळला होता, श्री. आपण जाळला."

तो ओरडेल असं तिला वाटलं. ओरडला नाही. त्यानं खुर्ची ओढली आणि बसला.

"रोज झाकण उघडतेस? रोज हा तांब्या आत सोडतेस?"

"हो."

"आणि पाणी पुन्हा कशानं खराब झालं विचार करतेस? तू मायक्रोबायॉलॉजिस्ट आहेस, उत्तरा. तुला मी सांगायचं?"

तांब्या तिनं उकळून घेतला नव्हता, दोरी तर अंगणातली. हे तिला पहिल्या दिवसापासून कळत होतं, आणि तरीही ती रोज खाली गेली होती. वर रुपाली झोपेत कण्हत होती.

"पाजू नकोस त्याला," श्रीरंग म्हणाला. "माझं ऐक. पुन्हा पाजू नकोस."

"कोणाला?"

तो थबकला. "विहिरीला."

विहीर ती असते. जन्मभर मराठी बोलणारा माणूस विहिरीला 'त्याला' म्हणत नाही. उत्तरा त्याच्याकडे बघत राहिली.

"पंपाला म्हणालो," श्रीरंग म्हणाला आणि उठून त्यानं वॉल्टरला फोन लावला. खोदलेल्या विहिरीचा, त्यातून घराखालच्या विहिरीचा, कधीच भरवसा नसतो, हे वॉल्टर पूर्वीच बोलला होता. अंगणात खोल बोअर मारायची, तिच्यावर लोखंडी टोपी घट्ट बसवायची, आणि जुनी विहीर वाळू-खडीनं भरून वर सिमेंट ओतायचं. श्रीरंग फोनवर फक्त "येस, येस, हाऊ सून?" एवढंच म्हणत होता.

६

बोअर मारायला यंत्र आलं, अंगण चिखलानं भरलं. नव्या विहिरीचं पाणी खोलवरून आलं, जरा लोखंडी चवीचं. तपासणी स्वच्छ. पाइप नव्या पंपाला जोडले. जुन्या विहिरीतली नळी काढून घेतली. आता घराच्या कुठल्याही नळाचा तिच्याशी संबंध उरला नव्हता. खडीचा ट्रक परवा येणार होता.

उत्तरानं ठरवलं होतं की खाली जायचं नाही. रुपालीच्या हाताला सुईचा हिरवा-निळा डाग अजून होता. पण नळ गप्प झाले तरी ठसका गेला नव्हता; तो आता थेट जिन्यावरून यायचा, दाराखालच्या फटीतून. आणि वाढला होता. दहा दिवस तिनं पाणी दिलं नव्हतं.

सांगून यावं, असं तिला वाटलं. काय सांगायचं ते माहीत नव्हतं. तांब्या नाही, दोरी नाही, नुसता टॉर्च घेऊन ती दुपारी खाली गेली. दार उघडून गुडघ्यांवर बसली. बाहेर स्वच्छ ऊन होतं. तळघराच्या बारक्या खिडकीतून त्याची एक पट्टी झाकणावर पडली होती.

खाली काळं पाणी आणि काठाला वर्तुळात बसवलेले दगड. एक दगड बाकीच्यांपेक्षा फिकट होता, पाण्याच्या जरा वर, गोल, ओला. एवढे दिवस तो तिथंच असणार. तिनं लक्ष दिलं नव्हतं.

"यापुढं मी येणार नाही," ती म्हणाली. आपला आवाज विहिरीत घुमलेला ऐकून तिला कसंसंच झालं.

उत्तर म्हणून ठसका लागला. थांबेना. एकावर एक, श्वास घ्यायलाही उसंत न देणारा; रुपालीला दुधाचा लागला होता अगदी तसा, आणि उत्तराच्या तोंडून, कुठलाही विचार मनात यायच्या आधी, ते निघून गेलं.

"वर बघ," ती म्हणाली. "वर बघ, वर बघ."

ठसका थांबला.

आणि तो फिकट दगड सावकाश, आज्ञाधारकपणे, मागं कलंडू लागला.

तिनं टॉर्च विझवला नाही, तो हातातून पडला. पाण्यात पडल्याचा आवाज यायला हवा होता, आला नाही. तिनं दार आदळलं, कडी घातली, त्यावर रंगाचा जड डबा ठेवला आणि जिना चढून आली. सिंकशी उभं राहून नव्या विहिरीचं पाणी तोंडावर मारलं. काय दिसलं, असं कुणी विचारलं असतं तर तिला सांगता आलं नसतं. पूर्ण वळायच्या आत तिनं नजर काढून घेतली होती. ते वळलं, सांगितल्याबरोबर वळलं, एवढं पुरेसं होतं. तिची भाषा त्याला कळत होती.

७

खडी टाकायच्या दिवशी दोघांनीही रजा घेतली. रुपालीला कांचनकडे ठेवलं. तळघराला बाहेरून उतरायची तिरपी दारं होती, ती उघडून वॉल्टरनं लाकडी घसरण लावली, ट्रक मागं घेतला. झाकण उचललं. श्रीरंग तळघराच्या पायरीवर उभा होता, उत्तरा वर, स्वयंपाकघराच्या दारात.

पहिली खेप गडगडत गेली. घरातली भांडी खणखणली. धूळ जिन्यावरून वर आली. दुसरी खेप. तिसरी. आत कितीतरी मावत होतं. मग वॉल्टरनं ट्रक बंद केला आणि सिगारेट पेटवायला तो ट्रकच्या पुढं गेला.

शांतता झाली. त्या शांततेत खालून आवाज आला. तोंडात माती गेलेल्या माणसाचा. ठसका, मग थुंकल्यासारखं, मग पुन्हा ठसका. मध्येच खडीचे दगड आतून सरकले.

उत्तराला श्रीरंगची पाठ दिसत होती. ती ताठ झाली. त्यानं डोकं किंचित तिरकं केलं, कुणी कानात बोलत असलं की करतात तसं, आणि 'नाही' अशी मान हलवली. एकदा. पुन्हा एकदा, जोरात.

"श्री," ती वरून म्हणाली. "थांबवूया का?"

श्रीरंग वळला. त्याच्या चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं. ती ते शोधत होती, आणि ते नव्हतं. होता तो फक्त थकवा, फार दिवस एकट्यानं काहीतरी उचलून धरलेल्या माणसाचा.

"वॉल्टर," तो बाहेरच्या दारांकडे तोंड करून म्हणाला, "गो अहेड, प्लीज. नाऊ."

ट्रक सुरू झाला. दुपारपर्यंत विहीर काठोकाठ भरली. संध्याकाळी तिच्यावर सिमेंटचा गुळगुळीत चौकोन होता, ओला, करडा. श्रीरंगनं त्यावर एकदाही पाय ठेवला नाही.

८

त्या संध्याकाळी रुपालीला घरी आणलं. वरण-भात केला. तिच्या गालांवर रंग परत यायला लागला होता. श्रीरंगनं नव्या विहिरीचं पाणी ग्लासात ओतून तिच्यापुढं ठेवलं.

"आय डोंट लाइक इट," रुपाली म्हणाली. "इट टेस्ट्स लाइक पेनीज."

"सवय होईल," श्रीरंग म्हणाला. "पी."

ती प्यायली. नळ बंद होता, पाइप गप्प होते. रेडिओ बंद होता. इतकं शांत घर उत्तरानं कधी ऐकलं नव्हतं.

रुपाली भाताची गोळी चमच्यानं फिरवत होती. उत्तरानं आवाज खाली आणला. "कधीपासून ऐकू येत होतं तुला?"

"ब्लीच ओतलं त्या दिवसापासून. तू वर नळ उघडत होतीस तेव्हा."

"आणि मला हवा आहे, हवा आहे म्हणत होतास."

"तुझ्यापुढं तो नुसता खोकायचा," श्रीरंग म्हणाला. "तू सकाळी कामावर गेलीस, की बोलायचा. मी रुपालीला ब्रेकफास्ट द्यायचो तेव्हा. त्या दारामागून, सगळ्यात वरच्या पायरीवरून."

"पाणीच मागत असणार रे. मी देत होते तेव्हा शांत असायचा. तुला सांगते, किती सोसलं असेल त्यानं. आपण—"

"तो पाणी मागत नव्हता, उत्तरा."

रुपालीनं मान वर करून दोघांकडे बघितलं आणि पुन्हा खाली घातली. ती बसली होती त्या खुर्चीची पाठ तळघराच्या दाराला टेकली होती. वर्षभर ती तिथंच बसत आली होती. तिनंच ती जागा निवडली होती.

काय मागत होता, हे उत्तरानं विचारलं नाही. ती उठली, रुपालीला भाताच्या ताटलीसकट उचललं आणि खिडकीपाशी बसवलं. मग तिनं जेवणाचं टेबल धरलं. एकटीला ते हलेना. श्रीरंग दुसऱ्या बाजूला आला, आणि दोघांनी मिळून ते दारापासून लांब ओढत नेलं.